म्हात्रेबाई आणि खोतांचा मेणा

म्हात्रेबाईंनी मला पहिलं चित्र काढायला सांगितलं ते शिंकणाऱ्या राजाचं.

पेणच्या शाळेत मी चित्रकलेचा शिक्षक म्हणून नुकताच लागलो होतो. आमचं घर हमरापूरचं, गणपतीच्या कारखान्याचं. मुकुट, सोंड आणि आशीर्वादाचा हात यांच्यातच मी वाढलो. त्यामुळे राजा म्हटल्यावर मी माझ्या परीनं झकास राजा काढला. रुंद छाती, पिळदार मिशी, आणि डोळ्यांची आखणी अशी की बघणाऱ्यानं हात जोडावेत. बाईंनी कागद हातात घेतला, चष्मा कपाळावर ढकलला आणि बराच वेळ बघत राहिल्या.

"छान हाय रे रमेश. पण याला सर्दी कुठं झालीय?"

"शिंकतोय की, बाई."

"शिंकत नाय, वर देतोय. नाक लाल कर त्याचं. डोळ्यांत पाणी आण. आणि हात असा वर कशाला? शिंक आली की माणूस हात तोंडाकडं नेतो. राजा झाला म्हणून काय झालं?"

मी नाक लाल केलं. दुसऱ्या दिवशी बाईंनी ते चित्र सातवीच्या वर्गात उंच धरलं आणि वर्गातून हसण्याचा असा लोट आला की मुख्याध्यापक खुर्चीवरून उठून बघायला गेले. आमच्या शाळेत इतिहासाच्या तासाला पोरं हसतात, ही गोष्ट तेव्हा नवीन लोकांना पचायची नाही. जुन्यांनी नाद सोडला होता.

बाई इतिहास शिकवायच्या आणि मुलांसाठी इतिहासाची विनोदी पुस्तकं लिहायच्या. पातळ पुस्तकं, मध्ये दोन पिना मारलेली, रोह्याच्या एका छोट्या छापखान्यात छापलेली. 'सिंहासनावर शिंक' हे त्यातलं माझ्या चित्रांचं पहिलं. त्यांचं माहेर पेणच्या खाडीकडचं. गावाचं नाव सांगत नाही, तिथली भांडणं अजून मिटलेली नाहीत. वडील मिठागरावर कामाला. लग्न होऊन त्या रोह्याला गेल्या. यजमान कंपनीत शिफ्टला, आणि बाई रोज गाडीनं पेणला. सुती नऊवारीसारखी घट्ट नेसलेली पाचवारी, पदर कमरेला खोचलेला, काखेत पिशवी. गाडीत जागा मिळाली की लिहायच्या. निडी स्टेशन येईपर्यंत एखादा सरदार संकटात सापडलेला असायचा आणि पेण येईपर्यंत त्याची फजिती झालेली असायची.

त्यांचा एक प्रश्न शाळेत सगळ्यांना पाठ होता. फळ्यावर कुठल्याही राजाचं नाव लिहिलं की खडू खाली ठेवून त्या वर्गाकडं वळायच्या. "हा जेवला काय?"

पोरं ओरडायची, "जेवला!"

"मग स्वयंपाक कोणी केला?"

इथून धडा सुरू व्हायचा. एवढी फौज म्हणजे एवढी तोंडं, मग भाकऱ्या कोणी थापल्या, सरपण कोणी आणलं, राजाचे घामट अंगरखे कोणी धुतले? लढाई यायची, पण जरा उशिरा, भांडी घासून झाल्यावर. त्या सांगायच्या तेव्हा घोड्याला पण पोट दुखायचं आणि वकिलालाही उचकी लागायची. हसून बेजार झालेल्या पोरीकडं बोट करून त्या म्हणायच्या, "हसलीस ना? आता विसरून दाखव." आणि खरंच विसरता यायचं नाही. मला, चित्रकलेच्या मास्तराला, ते सगळे तह आणि त्या सगळ्या स्वाऱ्या अजून आठवतात.

मी एकदा विचारलं, "बाई, एवढं हसवता, पोरं इतिहासाला मान देतील का?"

"मान कसला? घाबरलेलं पोर पाठ करतं. हसलेलं पोर विचारतं. मला विचारणारं पायजे."

एक मात्र होतं. प्रत्येक पुस्तकाच्या शेवटच्या पानावर मोठ्या अक्षरांत मथळा असायचा, 'यातलं खोटं'. त्याखाली त्या प्रामाणिकपणे लिहायच्या. राजा शिंकला हे मी रचलं. सरदाराची पगडी माकडानं पळवली, हेही माझंच. पण त्या वर्षी दुष्काळ होता आणि सरदारानं धान्याचं कोठार उघडलं नव्हतं, हे खरं आहे. मुलं आधी शेवटचं पान वाचायची आणि मग पुस्तक. 'हे खोटं आहे' असं सांगितल्यावर पुस्तक कोण वाचेल, असं छापखान्याचे मालक म्हणायचे. बाई म्हणायच्या, "जे सांगत नाहीत त्यांचं कशाला वाचता मग?"

शाळा तपासायला एकदा शिक्षण खात्याचे साहेब आले होते. बाईंच्या वर्गात तहाची बोलणी चालली होती. निम्मा वर्ग एका राजाचा, निम्मा दुसऱ्याचा, मध्ये दोन सतरंज्या. कोणी कुठल्या सतरंजीवर आधी बसायचं यावरून अशी खडाजंगी जुंपली होती की साहेब दारातच थांबले.

"बाई, हे पाठ्यपुस्तकात कुठं आहे?"

"नाय, साहेब. पण तह असाच होतो. आज तुमची खुर्ची फळ्याजवळ ठेवायची की खिडकीजवळ, यावरून सकाळपासून आमच्या स्टाफरूममध्ये हेच चाललंय."

मुख्याध्यापकांचा चेहरा पडला. साहेब मात्र मान खाली घालून हसले. शेऱ्यात त्यांनी 'वर्गात शिस्त कमी' असं लिहिलं आणि जाताना भाच्यासाठी 'सिंहासनावर शिंक' मागून नेलं.

तोपर्यंत सगळं गमतीत चाललं होतं. बाई दूरच्या राजांना हसत होत्या आणि दूरचे राजे तक्रार करत नाहीत. मग त्यांनी आपल्या माहेरच्या बांधाची गोष्ट लिहिली.

खाडीकडच्या गावांत बांध म्हणजे जीव. बांध आहे म्हणून भात आहे. उधाणाच्या भरतीला बांधाला खांड पडली, म्हणजे तो फुटला, की खारं पाणी शेतात शिरतं आणि पुढं कितीतरी वर्षं तिथं काही पिकत नाही. बाईंच्या माहेरी देवळाजवळ एक दगड आहे. 'हा बांध अमुक खोतांनी बांधिला' अशी त्याच्यावर अक्षरं आहेत. बाईंच्या आजीनं त्यांना लहानपणी वेगळं सांगितलं होतं. मोठ्या उधाणात खांड पडली तेव्हा पुरुष मिठागरं वाचवायला गेलेले. गावातल्या बायांनी रात्रभर चिखलाचे गोळे आणि पेंढा लावून बांध धरून ठेवला. आजी त्यातली एक. दगड नंतर आला.

पुस्तकाचं नाव 'खोतांचा मेणा'. त्यात खोत मेण्यात बसून बांध बघायला निघतात, भोई घसरतात, मेणा चिखलात रुततो, आणि ज्या बायांवर ते ओरडायला आलेले असतात त्याच बाया त्यांना मुळ्यासारखं उपटून बाहेर काढतात. ते चित्र मी काढलं. खोतांची पगडी खेकड्याच्या नांगीत दिली, ती कल्पना माझी. बाईंना ती फार आवडली.

त्या खोतांचे पणतू आमच्या शाळेच्या समितीवर होते. सगळे त्यांना भाऊसाहेब म्हणायचे. वाईट माणूस नव्हता. शाळेला पंखे त्यांनीच दिलेले, कुणाशी चढ्या आवाजात बोलणं नाही. पुस्तक त्यांच्या हातात कसं पडलं माहीत नाही, पण एका शनिवारी शाळा सुटल्यावर बाईंना आणि मला ऑफिसात बोलावणं आलं. समितीची माणसं बसली होती. मुख्याध्यापक पेन उघडत होते, मिटत होते.

"बाई, तुमचा मान राखून बोलतो," भाऊसाहेब म्हणाले. "आमच्या पणजोबांना तुम्ही चिखलात लोळवलंत."

"लोळवलं नाय, भाऊसाहेब. मेण्यातून पडले. बायांनी काढले."

"असं घडलं होतं का?"

"नाय घडलं."

सगळे एकमेकांकडं बघायला लागले. एवढं सोपं जाईल असं कुणाला वाटलं नव्हतं.

"म्हणजे खोटं लिहिलंत, हे तुम्हाला कबूल आहे?"

"कबूल कशाला, छापलंय की. शेवटचं पान काढा."

भाऊसाहेबांनी पान काढलं नाही. मुख्याध्यापकांनी काढलं आणि वाचायला लागले ते सवयीनं मोठ्यानं. "यातलं खोटं. मेणा मी आणला. खोत चिखलात पडले नव्हते, कारण ते बांधावर आलेच नव्हते." पुढचं त्यांनी मनात वाचलं.

"माझं खोटं मी शेवटच्या पानावर सांगते," बाई म्हणाल्या. "आता तुमचा दगड. त्याच्यावर लिवलंय बांध खोतांनी बांधला. त्या दगडाचं शेवटचं पान कुठं हाय?"

भाऊसाहेबांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. पण आवाज चढला नाही. ते म्हणाले, "ते पान काढून टाका आणि माफीच्या दोन ओळी लिहून द्या. मला पुढं काही करायचं नाही."

मुख्याध्यापकांनी कोरा कागद पुढं सरकवला. "लिहा हो बाई. दोन ओळींनी काय होतंय? विषय मिटेल."

बाईंनी कागदाकडं बघितलं सुद्धा नाही. "दोन ओळी तोंडानं सांगते. मी पोरांना हसवलं. परत हसवीन."

मग माझ्याकडं मोर्चा वळला. चित्रं बाईंनी दटावून काढून घेतली असं मी लिहून द्यावं, म्हणजे नवीन माणूस म्हणून मला सांभाळून घेता येईल. मी म्हटलं, "खेकडा माझा आहे."

बाहेर आलो तेव्हा बाईंनी समोरच्या हॉटेलात चहा मागवला. कप उचलला आणि बशीत परत ठेवला. दोन्ही तळवे त्यांनी मांड्यांखाली दाबून धरले.

"मला काय भीती वाटत नाय असं नाय रे," त्या म्हणाल्या. "घर हाय, यांची शिफ्ट कधी बंद पडेल सांगता येत नाय. पण आता माफी मागितली तर सोमवारी सातवीसमोर उभी कशी राहू? त्यांना सांगितलंय ना मी, विचारा म्हणून."

सोमवारी त्या सातवीसमोर उभ्या राहिल्याच नाहीत. वेळापत्रक बदललं होतं. इतिहास काढून घेतला आणि कार्यानुभव दिला. पुस्तकं वाचनालयाच्या कपाटातून गेली. कुठं गेली ते शिपायालाही माहीत नव्हतं. बाई वाद घालायला गेल्या नाहीत. पोरांकडून पेपरच्या पिशव्या करून घेऊ लागल्या. पण एक दिवस मधल्या तासाला त्या सातवीच्या बाहेर व्हरांड्यात भिंतीला टेकून उभ्या दिसल्या. आत नवीन सर राजांची नावं ओळीनं सांगत होते आणि वर्ग ओळीनं म्हणत होता. बाईंचे ओठ हलत होते. मला वाटलं त्या पण म्हणतायत. जवळ गेलो तर त्या दर नावानंतर पुटपुटत होत्या, "जेवला काय? जेवला काय?" आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. मी तसाच मागं फिरलो. त्यांना मी दिसलो असेन तर त्यांनी तसं कधी दाखवलं नाही.

त्याच वर्षी साखरचौथीच्या गणपतीला माहेरच्या मंडळानं बाईंना कार्यक्रमाला बोलावलं. अनंत चतुर्दशीला गणपती गेल्यावर आमच्याकडं हे साखरचौथीचे गणपती बसतात. मूर्ती आमच्याच कारखान्यातली होती, म्हणून मीही गेलो. बाई 'खोतांचा मेणा' वाचणार होत्या. पण दुपारी कुणाचा तरी निरोप आला आणि मंडळाची पोरं चुळबुळायला लागली. माईक बिघडलाय म्हणाली. माईक बिघडला नव्हता, वायर काढून ठेवली होती, आम्हाला दिसत होती.

"राहू दे माईक," बाई म्हणाल्या. "मिठागरावर वाढलेय मी. या बांधावरून त्या बांधावर हाका मारायचो आम्ही."

आणि मांडवात उभं राहून त्यांनी वाचायला सुरुवात केली. पोरं पुढं, बाया मागं, पुरुष कडेला उभे. मेणा रुतला तेव्हा पोरं लोळायला लागली. तेवढ्यात मोटरसायकलवरून दोघं जण आले आणि थेट मांडवात शिरले. एक जण म्हणाला, "बाई, बास करा. इथं हे चालणार नाय."

बाईंनी पुस्तक मिटलं नाही, बोट पानात ठेवून त्याच्याकडं बघत राहिल्या. मागून एक म्हातारी काठी टेकत उठली. द्रौपदीआजी. बाईंची बाजू घ्यायला उठली असं मला वाटलं. पण ती बाईंवरच तापली होती.

"ए वत्सले, तू लिवलंयस त्यात माजे सासूचा नाव कुठं हाय? ती नव्हती काय बांधावर? मना तिनी सवता सांगितलाय."

"आजी, मला माहीत नव्हतं गो..."

"म्हायती नाय तर ईचारायचास! गावात येतेस, चाय पितेस, ईचारत नाय!"

दुसरी उठली. "आमची मावशी पन होती. पोटुशी होती तवा."

"तुजी मावशी कुठली? ती माहेराला गेलती."

"गेलती तर रातचे परत आली!"

बघता बघता सगळा मांडव भांडायला लागला. कोण होती, कोण नव्हती, पेंढा कोणाच्या खळ्यातला होता, कोणाचा पाय चिखलात अडकून मोडला. इतकी वर्षं ही नावं घराघरांत नुसती पडून होती आणि आज सगळी एकदम बाहेर आली. मोटरसायकलवरचा दुसरा माणूस इतका वेळ हाताची घडी घालून उभा होता. तो एकदम मोठ्यानं म्हणाला, "अरे, मग आमची पणजी? तिचा हात कायमचा वाकडा झालेला त्यात. तिचं नाव कोण घेनार?"

त्याचा जोडीदार त्याच्याकडं बघतच राहिला.

म्हात्रेबाईंनी पुस्तक मिटून पिशवीत ठेवलं. मग त्या मांडवाच्या मधोमध जमिनीवर मांडी घालून बसल्या आणि म्हणाल्या, "सांगा. सगळ्यांची सांगा. मी उठत नाय."

पुस्तक पुन्हा छापलं. मेणा तिथंच राहिला, खेकडा तिथंच. फक्त शेवटच्या 'यातलं खोटं'समोर एक नवीन पान आलं, 'यातलं खरं'. त्यावर नावंच नावं, मावशीसकट. जिच्याबद्दल वाद मिटला नाही तिच्यापुढं बाईंनी तसं लिहिलं, वाद आहे, दोन्ही घरी जाऊन विचारा.

एवढं झालं म्हणून सगळं बदललं असं नाही. दगड आहे तिथंच आहे. भाऊसाहेब पुढं बाईंशी बोलले नाहीत. शाळेनं इतिहास परत दिला नाही, बाईंनीही मागितला नाही. निवृत्त होईपर्यंत त्यांनी पेपरच्या पिशव्या शिकवल्या आणि रविवार धरून खाडीकडच्या गावांत जाऊन पुस्तकं वाचली. कधी देवळात, कधी कुणाच्या ओटीवर, पार डोंगराकडं गागोद्याला तर एकदा भात मळून झालेल्या खळ्यात. कुठं बोलावून ऐनवेळी नको म्हणायचे. मग त्या त्याच गावच्या एसटी थांब्यावर बसून वाचायच्या. "थांबा सरकारी हाय," म्हणायच्या. "इथून मला कोण उठवतंय?"

निवृत्तीनंतर मी त्यांना भेटायला रोह्याला जायचो. चित्रं घेऊनच जायला लागायचं, नुसतं भेटायला गेलेलं त्यांना आवडत नसे. शेवटच्या वर्षी हृदयाचं दुखणं निघालं होतं. डॉक्टरांनी जिने, दगदग, मोठ्यानं बोलणं, सगळं बंद करायला सांगितलेलं. मुलगी औषधांच्या वेळा सांभाळत होती. बाई अंथरुणात बसून, या भागात रेल्वे आली तेव्हाची गोष्ट लिहीत होत्या. जमीन मोजायला साहेब येतात आणि त्यांच्या मोजणीच्या साखळीवर म्हैस बसते, काही केल्या उठत नाही.

"म्हशीचा चेहरा नीट काढ," त्या म्हणाल्या. "तिला कळलंय आपली जमीन चाललीय. साहेबाला वाटतंय म्हैस मूर्ख हाय."

"बाई, यावर पण कोणीतरी चिडेल."

"चिडू दे ना. चिडला म्हणजे त्यानं वाचलं म्हणायचं."

मी निघालो तर म्हणाल्या, स्टेशनपर्यंत येते. मुलगी नको म्हणाली, मी नको म्हणालो. त्यांनी तोवर चपला घातल्या होत्या. रिक्षानं आलो. फलाटावर कुठल्या तरी शाळेची सहल उतरली होती. पोरांना ओळीनं खाली बसवलेलं, आणि एक तरुण मास्तर ओठांवर बोट ठेवून ओळीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरत होते. बाई बाकावर बसल्या. माझी गाडी लागली. मी आत जाऊन खिडकी पकडली.

त्यानंतर त्या फार दिवस राहिल्या नाहीत. म्हैस अर्धीच झाली होती. ती मी पूर्ण केली आणि तसंच पुस्तक निघालं. पण त्यांना मी शेवटचं पाहिलं ते त्या खिडकीतून.

गाडी हलली तेव्हा बाई बाकावर नव्हत्या. त्या फलाटावर पोरांच्या ओळीत मांडी घालून बसल्या होत्या आणि दोन्ही हातांनी काहीतरी मोठं, जड, जागचं न हलणारं दाखवत होत्या. आवाज माझ्यापर्यंत पोचत नव्हता. ओळ मोडून पोरं त्यांच्याभोवती गोळा झाली होती. एक मुलगी पोट धरून मागं कलंडली, तिच्या मागची तिच्यावर पडली. मास्तर ओठांवरचं बोट तसंच ठेवून तिकडं धावले. गाडी वळणाला लागेपर्यंत मला दिसत होतं. बाईंनी मास्तरांच्या सदऱ्याचं टोक पकडलं होतं आणि त्यांनाही खाली ओढून बसवत होत्या.